हातकणंगल्याचा ट्रॅक्टर

बाळासो चौगुल्यांना आजवर कुणीही फसवलेलं नव्हतं. हे आम्ही नाही म्हणत, ते स्वतःच म्हणत, आणि दिवसातून किमान दोनदा म्हणत! शाहूपुरीत त्यांचं पंपाच्या सुट्या भागांचं दुकान. गिऱ्हाईक पायरीवर आलं, की ते उधारीवाला आहे की रोखवाला हे बाळासो त्याच्या चपलांवरून सांगत. २००३ साली बँकेनं त्यांना क्रेडिट कार्ड दिलं, तेव्हा शालूबाईंनी नवऱ्याला जरा घाबरतच विचारलं होतं, "अवो, ह्यात काय फसवाफसवी न्हाय न्हवं?"

"मला फसवणारा अजून जन्माला यायचाय!" बाळासो म्हणाले आणि कार्ड शर्टाच्या वरच्या खिशात असं ठेवलं, की त्याची सोनेरी कड बाहेर दिसावी.

त्याच महिन्यात त्यांच्या लेकीचं, संयोगिताचं, लग्न ठरलं. मुलगा विश्वजित, जयसिंगपूरच्या गणपतराव मान्यांचा थोरला. गणपतरावांची शेंगदाण्याची आडत, स्वभाव मोकळा, आवाज असा की फोनवर बोलले तरी फोनची गरज पडू नये. लग्न ठरल्याच्या आनंदात दोन्ही घरं मिळून जेवायची ठरली. ना कोल्हापूर, ना जयसिंगपूर, अधेमधे हातकणंगल्याला, 'हॉटेल पाहुणचार'मध्ये. रविवारी दुपारी बाराजणं तांबड्या-पांढऱ्या रश्श्यावर अशी तुटून पडली, की मालक पिराजी खोत स्वतः वाढायला उभा राहिला.

जेवण झालं आणि बिल आलं. इथून पुढं जे झालं ते कोल्हापूरकडच्या माणसाला समजावून सांगायला नको. दोघंही एकदम उठले.

"बिल माझं! पोरीचा बाप मी हाय!" बाळासो गरजले.

"हॉटेल मी ठरवलं, मालक माझ्या वळखीचा. तुम्ही गप बसा पावणं!" गणपतरावांनी नोटांची गड्डीच बाहेर काढली.

बाळासोंनी डाव्या हातानं कार्ड काढून खोताच्या हातात कोंबलं आणि उजव्या हातानं गणपतरावांचं नोटांवालं मनगट गच्च धरलं. गणपतराव हात सोडवायला बघतायत, बाळासो सोडत नाहीत, चटणीची वाटी लवंडली, विश्वजितच्या आईनं डोक्यावर पदर ओढून घेतला! तेवढ्यात खोत कुठून तरी कार्ड घासून चिठ्ठी घेऊन आला. बाळासोंनी आकडा पाहिला नाही. बिल बघून पैसे देणारा यजमान कसला! मनगट न सोडता त्यांनी तशीच सही ठोकली. गणपतराव हरले. परतीच्या वाटेवर बाळासो कोल्हापूर येईपर्यंत शीळ घालत होते.

पुढच्या महिन्यात कार्डाचा हिशेब टपालानं आला. बाळासोंनी चष्मा लावला आणि तिसऱ्या ओळीला थबकले.

"खोत ट्रॅक्टर स्पेअर्स, हातकणंगले. एक हजार एकशे साठ रुपये! मंगळवार!" ते ओरडले. "मंगळवारी मी दिवसभर दुकानात! अगं, आपल्याकडं तुळशीच्या कुंडीएवढी माती हाय आणि मी ट्रॅक्टरचं पार्ट घेतलं?"

शालूबाई लसूण सोलता सोलता म्हणाल्या, "अवो, हातकणंगल्याला आपण जेवायला गेलतो न्हवं?"

"ते हॉटेल! ह्यो ट्रॅक्टर! रश्श्यात काय ट्रॅक्टर घालत्यात व्हय?"

"मग हॉटेलाचं बिल कुठं हाय ह्यात?"

"येईल की पुढच्या महिन्यात. सावकाश चालतंय त्या लोकांचं." बाळासोंनी कागदाची घडी केली. "ह्यो कुणीतरी भामटा हाय. आता बघच तू."

शालूबाईंनी पुढची पाकळी सोलायला घेतली. बावीस वर्षांच्या संसारात त्यांनी वाद जिंकायचे सोडून दिले होते, कारण जिंकल्यावर नवरा दोन दिवस जेवत नसे.

बँकेच्या पुण्याच्या नंबरला फोन लागला. आधी एक दाबलं, मग तीन दाबलं, मग पाऊण तास सनई ऐकली. शेवटी एक मुलगी गोड आवाजात म्हणाली, "सर, हा व्यवहार आपण केलेला नाही, याची आपल्याला खात्री आहे का?"

"खात्री? बाई, मी शपथेवर सांगतो! त्या गावात माझं कोण म्हंजे कोण न्हाय!"

"मग तसं लेखी द्यावं लागेल, सर."

बाळासोंनी लेखी दिलं. नुसतं नाही, झणझणीत दिलं! 'सदर दुकान मी उभ्या आयुष्यात पाहिलेले नाही, सदर इसमाकडून मी कवडीचीही वस्तू घेतलेली नाही, व सदर इसमास अद्दल घडावी,' असं लिहून खाली शाहूपुरीतल्या दोन दुकानदारांच्या सह्या साक्षीला घेतल्या. तीन आठवड्यांनी बँकेनं दुकानातल्या त्या सहीच्या चिठ्ठीची झेरॉक्स पाठवली. बाळासोंनी सही पाहिली आणि आनंदानं मांडीवर थाप मारली.

"ही माझी सही? ही तर कोंबडी चालल्यागत दिसतीया! चोराला नीट नक्कलबी करता आली न्हाय!"

बँकेलाही तसंच वाटलं. सह्या जुळत नाहीत, तक्रार ग्राह्य, पैसे परत! ते पत्र बाळासोंनी गल्ल्यावरच्या काचेखाली ठेवलं. बेअरिंग घ्यायला आलेल्या माणसाला आधी ते पत्र वाचावं लागे, मग बेअरिंग मिळे.

आणि नेमकं त्याच आठवड्यात जयसिंगपूरकडून काहीतरी बिनसलं.

गणपतरावांचा फोन आला, पण आवाज निम्मा! "पावणं, साखरपुडा साधाच करू या. पन्नास माणसं बास."

"पन्नास? आवो, मी तीनशेंचा हॉल बघितलाय!"

"हॉल कशाला? घरातच करू. आणि जेवणाचं आमच्याकडं लागलं. तुम्ही कशाचा तरास घिऊ नका." फोन बंद.

दोन दिवसांनी परत फोन. आहेर-मानपान काही नको. चार दिवसांनी आणखी एक. पोरीला नेसत्या साडीवर पाठवा. संयोगिताला विश्वजित म्हणाला म्हणे, "बाबा काय बोलत न्हाईत. नुसतं सुस्कारं टाकत्यात." पोरीचं जेवणावरचं लक्ष उडालं. शालूबाईंनी देवापुढं नारळ बांधला. आणि बाळासो, ज्यांना माणूस एका नजरेत कळायचा, त्यांची झोप उडाली. मोडायचंय की काय लग्न? असं एकेक कमी करत शेवटी मुलगाच कमी करणार? आपल्या पोरीत काय खोट काढली ह्यांनी? लेकीचा उतरलेला चेहरा त्यांना बघवत नसे. मोठ्या आवाजाच्या माणसाला हळू रडता येत नाही, म्हणून ते नुसते गॅलरीत जाऊन उभे राहत.

शेवटी एका सकाळी शालूबाईंना घेऊन त्यांनी जयसिंगपूरची एसटी धरली.

"पावणं, काय असंल ते तोंडावर सांगा!" आडतीत शिरताच ते म्हणाले. "माझ्या पोरीत काय कमी हाय?"

गणपतराव दचकून उठले. त्यांनी बाळासोंना हाताला धरून गादीवर बसवलं, चहा सांगितला, कामावरच्या माणसांना बाहेर घालवलं आणि अगदी हळू विचारलं, "धंदा लईच बसलाय का?"

"कुणाचा?"

"लाजू नका पावणं. आमी काय परकं हाय का? पोरगी आमची, तवा तुमची अडचण बी आमचीच. धा-ईस हजार लागत असतील तर आत्ता घिऊन जावा. कुणाला कळायचं न्हाय."

बाळासोंना काही समजेना. "धंदा बसलाय? माझा? आवो, मी गेल्या महिन्यात बँकेला नमवलंय! हे बघा!" असं म्हणून त्यांनी खिशातून पत्राची झेरॉक्स काढली. ती ते कायम जवळ बाळगत.

गणपतरावांनी पत्र वाचलं. पुन्हा वाचलं. मग त्यांचं पोट हलायला लागलं, मग खांदे, आणि मग त्यांचा तो मूळचा आवाज असा फुटला, की बाहेर पोत्यावर झोपलेलं मांजर पळून गेलं!

"आवो बाळासो पावणं! पिराजी खोताकडं हॉटेलात कार्डाचं मशीन न्हाय! शेजारी त्याच्या भावाचं ट्रॅक्टरचं दुकान हाय, तिथं नेऊन घासलं त्यानं! आणि भावानं चिठ्ठी बँकेत भरली मंगळवारी!"

बाळासोंचा चहा बशीतच राहिला.

"खोत आलता बँकेचा कागद घिऊन. म्हणला, तुमच्या पाव्हण्यांनी शपथेवर लिवून दिलंय, आमी जेवलोच न्हाय, मालकाला अद्दल घडवा! मी म्हटलं, खाल्लेल्या मटणाचं पैसे परत मागायची पाळी आली, म्हंजे माणूस पार खचला असणार. देऊन टाकलं त्याला अकराशे साठ."

"पर ती सही..." बाळासो पुटपुटले आणि थांबले. त्यांना आपला उजवा हात आठवला. तो तेव्हा गणपतरावांच्या मनगटावर होता.

"डाव्या हातानं केलीत की! माझ्या डोळ्यांदेखत!" गणपतरावांनी डोळे पुसले. "मी त्या दिवशी काय म्हटलं हुतं? बिल मीच देणार. दिलं का न्हाय?"

शालूबाईंनी नवऱ्याकडे पाहिलं आणि ट्रॅक्टर चालवल्यासारखे दोन्ही हात हलकेच फिरवले. बाळासोंना हसू आलं, रडूही आलं. आपण खचलोय असं वाटून ज्या माणसानं चारचौघांत ब्र काढला नाही, त्याच्या घरी लेक जाणार होती. "चुकलं माझं," ते म्हणाले. हे शब्द ते आयुष्यात पहिल्यांदाच वापरत असल्यामुळे जरा अडखळले.

साखरपुडा तीनशे माणसांत झाला. दुसऱ्या दिवशी खोताची माफी मागायला दोन्ही घरं पुन्हा 'हॉटेल पाहुणचार'मध्ये गेली, आणि माफी मागायला गेलेली माणसं जेवल्याशिवाय कशी उठतील? बिल आलं. ह्या वेळी गणपतरावांनी दोन्ही हात पाठीमागं बांधले. "घ्या पावणं. हात मोकळा ठेवलाय तुमचा."

बाळासोंनी कार्ड दिलं. खोत भावाच्या दुकानातून चिठ्ठी घेऊन आला. बाळासोंनी आकडा नीट वाचला, पेन उजव्या हातात धरलं आणि जीभ दातात धरून अशी सुबक सही केली, की शाळेच्या दाखल्यावर शोभावी. खोतानं चिठ्ठी उचलली, उजेडात धरली, मान डोलावली. मग ती शालूबाईंपुढं ठेवली.

"वैनी, राग मानू नका," तो म्हणाला, "पर खाली तुम्ही बी साक्षीदार म्हणून एक सही करा."

आणि शालूबाईंनी केली.