पंतांचा मुदतीचा अर्ज

आमचे पंत एकदा अर्ध्या दाढीनं कोर्टात उभे राहिले होते. न्हाव्यानं गप्पांत वेळ काढला, घड्याळात साडेदहा झाले, आणि पंत तोंडाचा साबण पुसून निघाले. न्हावी वस्तरा घेऊन मागं धावला. "पंत, दोनच मिनिटं!" पंत न वळता म्हणाले, "अर्ज नामंजूर."

मी संगमनेरला त्यांच्याकडे बारा वर्षं कारकून होतो. तेवढ्या काळात, एक दावा सोडला तर, त्यांनी कधीच मुदत मागितली नाही. बाकीचे वकील पुरावा जमला नाही, पोटात कळ आली, काहीही सांगून पुढची तारीख घेत. पंत म्हणत, "मुदत म्हणजे भीक. ती मागायला काळा कोट कशाला?" भाताला वाफ यायची आहे असं घरी काकूंनी म्हटलं, की त्यांनाही 'नामंजूर' ऐकवून ते उपाशी निघत. मग भुकेचा सगळा राग दिवसभर माझ्यावर निघे. मनातल्या मनात मी त्यांना पुष्कळ नावं ठेवली आहेत.

लढाईच्या दिवसांत प्रवरेकाठच्या एका खेड्यातली सरूबाई त्यांच्याकडे आली. शेजाऱ्यानं आपल्या विहिरीचं पाणी आठवड्यातून तीन दिवस तिच्या शेताला द्यायचा कागद करून दिला होता आणि आता तो सहीच नाकारत होता. कागदावर साक्षीदार दोन. एक वारलेला. दुसरा तिचाच मुलगा धोंडू. तो पलटणीत भरती होऊन समुद्रापार गेला होता, आणि आठ महिने त्याचं पत्र नव्हतं. गावानं तर त्याची आशा केव्हाच सोडली होती.

साक्षीच्या दिवशी मला नामी युक्ती सुचली. साक्षीदार हयात नसेल, तर त्याची सही ओळखणारा माणूस चालतो. धोंडूचे मास्तर कोर्टात हजरच होते. मी अर्ज लिहिला, सरूबाईच्या अंगठ्याला शाई लावली आणि रीतीप्रमाणे वाचून दाखवला, "साक्षीदार धोंडू यास मयत समजावे..."

"कोनाची मयत?" बाईनं हात मागं घेतला.

"कोर्टाचा शब्द आहे, बाई. नुसता लिहायचा. म्हणजे पाणी लवकर मिळेल."

"पानी ऱ्हाऊ द्या." शाईचा अंगठा तिनं मुठीत झाकून घेतला. "माज्या हातानं ह्ये हुनार न्हाई."

मला राग आला. पीक तिचं वाळत होतं, माझं नव्हे. पंत शेजारीच उभे होते. त्यांनी माझा अर्ज घेऊन त्याचे चार तुकडे केले आणि माझ्याकडे न बघता विचारलं, "केशव, मुदतीचा अर्ज कसा लिहितात?"

मी सांगत गेलो, ते लिहीत गेले. कारणापाशी आल्यावर मी म्हणालो, "साक्षीदार परत येण्याचा संभव आहे, असं लिहा." त्यांनी लिहिलं, 'साक्षीदार परत येणार आहे.'

"पंत, संभव."

"येणार आहे!" ते माझ्यावर ओरडले.

मुन्सफसाहेबांनी अर्ज दोनदा वाचला. समोरचे वकील तर उघड हसले. पंतांचे कान लाल झाले, पण मान खाली गेली नाही. दोन महिन्यांची मुदत मिळाली. त्या वेळी मला पंत फार आवडले, हे आज कबूल करतो.

सरूबाई बाहेर पायरीवर बसली होती. "कोर्ट काय म्हनलं?"

"मान्य केलं, बाई," मी म्हणालो.

"माजा धोंडू येनार हाय, ह्ये मान्य केलं?"

मी कायदा समजवायला तोंड उघडलं. पंतांनी मला हातानं थांबवलं आणि ते काळ्या कोटासकट तिच्या शेजारी पायरीवर टेकले.

"व्हय, बाई," ते म्हणाले, "येनार हाय."