येसबा रेड्याचं हुकलेलं पदक

एका जंगलात, मुलांनो, येसबा नावाचा रेडा राहत होता. हाताची घडी, तोंडावर बोट. ही गोष्ट शांततेची आहे.

त्या जंगलात पाणवठ्यावर पहिला मान पदकवाल्यांचा. बाकीच्यांनी मागून प्यायचं, म्हणजे गाळच. येसबाची बायको कोंडाई म्हैस जन्मभर गाळ पीत आली होती.

"एक पदक आणा हो," ती म्हणायची. "मरायच्या आधी एकदा तरी नितळ पाणी पिऊ द्या."

अशात बातमी आली. खाडीपलीकडच्या बेटावर लांडगे आणि मेंढ्या यांच्यात मतभेद झाले होते. लांडगे मेंढ्या खात होते आणि मेंढ्यांना ते पटत नव्हतं. सिंहमहाराजांनी शांतिपथक धाडलं. प्रमुख बगळेराव. एका पायावर स्वस्थ उभं राहण्याचा त्यांच्याएवढा अनुभव कोणाला होता? येसबाही भरती झाला.

"फक्त मध्ये उभं राहायचं," बगळेरावांनी बजावलं. "शिंग कोणावरच उगारायचं नाही. आपल्याला दोन्ही बाजू सारख्या."

रोज संध्याकाळी बगळेराव डोळे मिटून कानोसा घेत. शांतता मोजायची त्यांची हीच पद्धत होती.

"कालच्यापेक्षा ओरडा कमी आहे," ते खूश होऊन म्हणत. "मोहीम फत्ते होतेय!"

ओरडा कमी होत होता, कारण ओरडणाऱ्या मेंढ्या कमी होत होत्या. येसबाला ते दिसत होतं. पण त्याला नितळ पाणीही दिसत होतं. तो मध्येच उभा राहिला.

एके दिवशी एक मेंढी धापा टाकत त्याच्याकडे आली. मागे लांडगा.

"मामा, माझं जाऊ द्या," तिने कोकराला पुढे ढकललं. "एवढं लेकरू तेवढं पोटाशी घ्या."

"पाहुणे, बाजूला व्हा," लांडगा म्हणाला. "तुम्ही तटस्थ ना?"

येसबा क्षणभर तटस्थ राहिला. तेवढ्यात मेंढी लांडग्याच्या तोंडी गेली.

मग मात्र त्याचं डोकं फिरलं. त्याने लांडग्याला असा शिंगावर घेतला की तो थेट खाडीत पडला.

पुढे बेटावर इतकी शांतता झाली, की पान पडलं तरी ऐकू यायचं. पथक परतलं. येसबाच्या पाठीवर कोकरू होतं.

दरबारात सगळ्यांना पदकं मिळाली. पदकावर कोकराचं सुरेख चित्र होतं. लांडग्यांच्या म्होरक्यालाही एक मिळालं, सहकार्याबद्दल.

"आणि माझं, महाराज?" येसबाने विचारलं.

बगळेराव खाकरले. "आमच्या मुक्कामात मारामारी एकदाच झाली. ती यांनी केली."

"आणि मेंढ्या मेल्या त्या?"

"ती जेवणं होती."

तेवढ्यात कोकराला आईची आठवण आली. ते मोठ्याने 'बें' करून ओरडलं.

"शांतता!" अख्खा दरबार खेकसला. पदकवाल्यांनी दोघांनाही बाहेर काढलं.

"पदक कुठंय?" घरी कोंडाईने विचारलं. येसबाने मान खाली घालून कोकरू उतरवलं. कोंडाईने त्याला हुंगलं, मग चाटलं.

"चला," ती म्हणाली, "याला तहान लागली असेल."

तिघं रांगेत शेवटी उभी राहिली. कोकरू पीत असताना कोंडाईने पाय हलवला नाही, गाळ वर येईल म्हणून.

तात्पर्य : पदक हवं असेल तर मध्ये उभं राहावं, मध्ये पडू नये. कोकरू छातीवर मिरवावं, पाठीवर घेऊ नये. आणि मुलांनो, तोंडावरचं बोट काढू नका. किती छान शांतता आहे!