बावीस वर्षांचा एक सूर

आमच्या आरोंद्याच्या भिकाजीदादांनी बावीस वर्षांत एकच सूर वाजवला. सोमा सनई वाजवी आणि दादा शेजारी बसून तिला सूर धरत. वाद्य सनईसारखंच, पण त्यातून एकच आवाज न तोडता काढायचा. गाल फुगलेले, डोळे मिटलेले. श्वास कधी घेत ते देव जाणे. पण वाजवणारे मुख्य आपणच, याबद्दल त्यांना तिळमात्र शंका नव्हती. "सूर माझो," ते म्हणत, "बाकीची धावपळ सोम्याची."

खाडीतल्या लाँचचा भोंगा वाजला की दादा मान हलवत. "आवाज बरो आसा, पण दम नाय." भाताच्या गिरणीशी मात्र त्यांचं जमे. तिच्या पायरीवर बसून ते घरघरीत आपला सूर मिसळत आणि पट्टा घसरून गिरणी बंद पडली की "चुकली!" म्हणत मालकाकडे रागानं बघत.

एकदा सोमा तापानं आडवा झाला, तर कसालच्या लग्नाला हे एकटेच गेले. मुहूर्तापासून पंगती उठेपर्यंत एकच सूर. शेवटी नवऱ्याच्या मामानं हात जोडले, "दादानू, सुरू कधी करतलात?"

"सुरू? आता संपाक इला!"

गेली दोन-तीन वर्षं त्यांनी नवंच खूळ काढलं होतं. वाजवताना सोमाला चिकटून बसायचं आणि आपल्या वाद्याचं खालचं तोंड त्याच्या गुडघ्यावर टेकवायचं. दादांना आता सुराचं ओझं होतं, असं म्हणून गाव हसे. मीही हसलो.

पण माझ्या बहिणीचं लग्न ठरलं आणि माझं हसू आटलं. सोमाला ऐकू येत नाही, अशी कुजबुज कानावर आली. खारेपाटणचे व्याही गाण्यातले दर्दी. भर मांडवात सनई बेसूर झाली तर आमचं नाक कापलं जाणार. आमच्या काकांनी तर लाउडस्पीकर सांगायचं ठरवलं. तसं झालं असतं तर सोमाची देवळातली सनईची चाकरीही गेली असती. गावात गोष्ट लपते कुठे? शाळा सुटल्यावर मी दादांना गाठलं. त्यांचं उत्तर एवढंच, "मास्तरांनू, मी आसंय मां!" तेवढ्या भरवशावर मी काकांना थोपवलं.

अक्षता पडल्या, ढोल कडाडला आणि सनई सुरू झाली. मी भीतीनं डोळेच मिटून घेतले. एक जागा चुकली नाही. डोळे उघडून पाहतो तो खारेपाटणचे म्हातारे माना डोलावत होते. माझा जीव भांड्यात पडला.

पंगतीच्या गडबडीत मी दादांना बाजूला घेतलं. "खरं सांगा, सोमाला ऐकू येतं?"

"काय्येक नाय. तीन वर्सा झाली." त्यांनी मला खाली बसवलं, वाद्याचं तोंड माझ्या गुडघ्यावर टेकवलं आणि हळूच फुंकलं. माझ्या हाडात झिणझिण्या गेल्या. "तो गुडघ्यान ऐकता."

मला माझ्याच हसण्याची लाज वाटली. "दादा, तुम्हाला दुसरा सनईवाला मिळाला असता."

"मिळालो असतो. पण कसालाक एकटो वाजवलंय मां, तेवाच माका कळला. सोम्याशिवाय माका जमाचा नाय." मग एकदम दटावलं, "ह्या तेका सांगू नका हां. उगाच चढात!"

पलीकडे सोमा एकटाच जेवायला बसला होता. दादा आपलं पान उचलून त्याच्या शेजारी गेले आणि गुडघ्याला गुडघा लावून बसले. वाद्य मात्र तेव्हा पिशवीत होतं.