बळवंतचा बंदोबस्त

तारापूरच्या खाडीकाठी पानवेलींची वाडी करणाऱ्या बळवंत राऊताचे पाय मोडले जाणार होते. हे खुद्द मोडणाऱ्यानेच त्याला बोईसरच्या बाजारात लोकांदेखत सांगितलं होतं. मोडणाऱ्याचं नाव वामन. सरकारची दारूबंदी कडक होती आणि वामन खाडीतल्या तिवरांच्या झाडीआड दारू गाळून पिंपांत भरत असे. बळवंतने त्याविरुद्ध अर्ज केला. अर्जाची बातमी वामनला अर्जाआधी पोचली.

बळवंत ठाण्यावर गेला. फौजदारांनी सगळं शांतपणे ऐकून घेतलं.

"मोडले का पाय?"

"अजून नाय, साहेब."

"मग गुन्हा कुठाय? मोडले की चालत या, लगेच नोंदवून घेतो."

बळवंत हट्टाला पेटला. बोईसरहून गाडी धरून त्याने तालुक्याचं कोर्ट गाठलं आणि 'पोलिसांनी माझं रक्षण करावं असा हुकूम व्हावा' म्हणून अर्ज दिला. न्यायाधीश भला गृहस्थ. मराठी नुकतीच सरकारी भाषा झाली होती, तेव्हा त्यांनी उत्साहाने शुद्ध मराठीत हुकूम लिहिला: 'अर्जदार बळवंत राऊत याचा पोलिसांनी ताबडतोब बंदोबस्त करावा.' एरवी हुकूम इंग्रजीत निघत आणि कोणालाच कळत नसत. हा सगळ्यांना कळला.

दुसऱ्या दिवशी सकाळी दोन शिपाई दारात हजर. बळवंतची बायको दमयंती हिने कौतुकाने चहा केला. तो पिऊन त्यांनी बळवंतला नेऊन कोठडीत घातलं.

"साहेब, बंदोबस्त माजा नाय, वामनचा!" बळवंत ओरडला.

फौजदारांनी कागद उजेडात धरला. "यात वामनचं नाव दाखवा."

नाव नव्हतं.

"पन माज्या रक्षनासाटीच लिवलंय ना?"

"तेच करतोय. इथं येऊन कोणाची छाती आहे तुमचे पाय मोडायची?"

बळवंतला क्षणभर ते पटलं. त्याचाच त्याला जास्त संताप आला.

दमयंती कोर्टात धावली. कोर्टाने अहवाल मागवला. फौजदारांनी कळवलं, 'अर्जदार सुखरूप. पाय तपासले, दोन्ही जागेवर.' कोर्टाला समाधान वाटलं आणि बंदोबस्त महिनाभर वाढला. इकडे वाडी शिंपायला दमयंती एकटी, वेली माना टाकू लागल्या. वामन फौजदारांकडे चहाला नेमाने येई आणि जाताना गजांपाशी थांबे.

"काय बलवंतराव, पाय बरे हायत ना?"

बळवंत पाय पोटाशी घेई. वेलींच्या काळजीने त्याचा जीव तुटत होता.

शेवटी न्यायाधीशांनाच शंका आली. ते म्हणाले, "चूक असेल तर सोडून देऊ. पण धमकी खरी होती, असं सांगणारा एक तरी साक्षीदार आणा." दमयंती बाजारातल्या लोकांकडे गेली. एक जण त्या दिवशी नेमका मनोरला गेला होता. दुसऱ्याला कानाने कमी ऐकू येऊ लागलं होतं. तिसऱ्याने वामनचे शब्द ऐकले होते, पण त्याला तो आशीर्वाद वाटला होता. बाकीच्यांनी दारच उघडलं नाही.

तेव्हा सारी हकीकत पहिल्यापासून ठाऊक असलेला एकच माणूस आता उरला आहे, आणि तो हे वाचतो आहे. दमयंती उद्या तुमच्याकडे येईल. फार काही करायचं नाही, वामनच्या समोर उभं राहून आपलं नाव, गाव आणि घराचा पत्ता सांगायचा. भिण्याचं कारण नाही. कोर्टाने शब्द दिला आहे, साक्षीदाराचाही बंदोबस्त होईल.