उजेड पाडण्यात येत आहे

माणसाचा मीपणा गेला की आत उजेड पडतो, हे थोरामोठ्यांनी घसा सुकेपर्यंत गाऊन सांगितलं आहे. ऐकणाऱ्यांनी माना डोलावल्या, डोळे टिपले आणि बाहेर पडताच 'माझी चप्पल कोणी नेली?' म्हणून भांडणं काढली. डोंगरापलीकडच्या त्या मुलखात मात्र ही गोष्ट गाण्याबजावण्यावर सोडता येईना. तिथे सूर्य वर्षाकाठी एकदा पाहुण्यासारखा डोकावतो आणि पिशवी खाली न ठेवताच निघतो. अशा जागी खाणीतून तो दगड निघाला आणि अध्यात्म सरकारी खात्याकडे वर्ग झालं.

दगडाचं कागदोपत्री नाव 'निरहंकार-दीप्त खनिज'. लोक लाजऱ्या म्हणतात. साऱ्या मुलखात खाण एकच, म्हणून घरटी एकच खडा मिळतो. तो आपणहून उजळतो, पण जवळपास कोणी 'मी' म्हटलं की विझतो. 'माझं' म्हटलं तरी विझतो. 'आम्ही' म्हटलं तर विझून वर बराच वेळ रुसून बसतो (कारण असं म्हणणारा बहुधा एकटाच असतो). 'आपण नाही बुवा कोणाचं ऐकून घेत' यातल्या 'आपण'पाशी मात्र त्याची गाडी अडते. तो नुसताच लुकलुकतो.

सुरुवातीला घराघरांत ठेचकाळणं फार झालं. जावई बोलायला लागला की सासू आधीच भिंत धरून उभी राहायची. पण लवकरच लक्षात आलं की एका ठिकाणी लाजऱ्या कधीच विझत नाही, आणि ते ठिकाण म्हणजे खाणीची कचेरी. तिथे 'आपल्या अर्जाचा विचार करण्यात येत आहे' एवढं वाक्य उच्चारलं की दगड असा पेटे, की कारकुनांना भिंतीकडे तोंड करून बसावं लागे. विचार कोण करतंय? पत्ता नाही. कर्ता नाहीसा झालेला, नुसतं कर्म उरलेलं! साधूंना जन्मभर जे जमलं नाही, ते या माणसांना नोकरीच्या पहिल्या आठवड्यातच जमलं होतं.

खात्याने रीतसर पाहणी केली. 'चूक झाली आहे' या वाक्याला दोन खोल्या उजळतात, 'चूक होऊ दिली गेली' याला व्हरांडासुद्धा. 'मी चुकलो' याला पूर्ण काळोख. (हे तिसरं वाक्य म्हणायला कचेरीत कोणी मिळेना, बाहेरून माणूस आणावा लागला.)

मग कचेरीची भाषा घरोघरी गेली. मुलं 'बशी फोडण्यात आली' असं सांगू लागली. नवरे 'आपल्याविषयी प्रेम बाळगण्यात येत आहे' म्हणू लागले, आणि बायका 'कोणाकडून?' असं विचारून उगाच उजेड कमी करू लागल्या. एकंदरीत मुलूख झगमगला. कोणी काही केलं नव्हतं, पण सगळं करण्यात आलं होतं.

आता नुसतं निरूपण कोरडं लागतं, म्हणून एक दृष्टांत देण्यात येत आहे.

खाणीत लाकडी टेकू लावणारा एक म्हातारा होता. सगळे त्याला टेकूकाका म्हणत. एके सकाळी त्यानेच लावलेला टेकू कलला, काकांचा पाय खाली अडकला आणि मागच्या भेगेतून पाणी आत यायला लागलं. काकांची बायको शिवणकाम करायची. ती बोटातलं अंगुस्तान तसंच ठेवून धावत आली. खाणीच्या तोंडाशी अधीक्षक, उपअधीक्षक आणि बरीच मंडळी आधीच जमलेली होती.

"साहेब, दोर कोण सोडतंय?" काकूंनी विचारलं.

"दोर सोडण्यात येईल, बाई."

"येईल, पण सोडणार कोण?"

"योग्य ती पावलं उचलली जात आहेत," उपअधीक्षक जागेवरून न हलता म्हणाले.

सगळे दगड भडकून उठले. खाण तळापर्यंत लख्ख झाली. खालून काकांचा आवाज आला, "अगं, उजेड झकास आहे बरं का! सगळं स्वच्छ दिसतंय! पाणी कमरेला लागलंय, तेसुद्धा दिसतंय!"

"ऐकलंत?" काकू म्हणाल्या.

"ऐकण्यात आलं आहे," अधीक्षक हळव्या आवाजात म्हणाले. उजेड आणखी वाढला. मंडळींनी डोळ्यांवर हात धरले.

"अहो, उजेडात बुडलं म्हणून माणूस कोरडा राहतो का?" काकूंनी पदर खोचला. "सरका. मी उतरते."

फट्कन काळोख. वरचे, खालचे, कचेरीतले, सगळे दगड विझले. त्या काळोखात कोणीतरी खाकरलं आणि म्हणालं, "मी दोर धरतो." दुसरा एक आवाज म्हणाला, "मीपण." मग कुठून कुठून 'मी', 'मी' येत राहिलं. कोण ते दिसलं नाही. तीच त्या काळोखाची सोय होती. काकू चाचपडत उतरल्या, पाय सोडवला, आणि दोघं वर ओढली गेली. काका वर येताच म्हणाले, "दिवा का गं घालवलास? अंगुस्तान टोचलं ना!"

प्रकाशभंगाची चौकशी लागली. "दगड कोणी विझवले?" असा प्रश्न आला. काकूंनी "मी" म्हणून सांगितलं. चौकशीच्या खोलीतला दगडही विझला, आणि गुन्हा पुन्हा सर्वांसमक्ष घडल्यामुळे साक्षीदारांची गरज उरली नाही. दोर धरणाऱ्या हातांचा शोध लागला नाही. दोर ओढण्यात आला असावा, असं ठरलं. काकूंच्या घरचा खडा जप्त झाला. आता त्या तेलाच्या दिव्यापाशी शिवतात, काका दिवा धरतात आणि दोघं दिवसभर 'मी सांगत होते ना', 'मी कुठे नाही म्हटलं' असं मनसोक्त भांडतात.

हे वाचून, सुज्ञ वाचकहो, आपल्याकडून हळहळण्यात आलं असेल. त्या बाईसाठी कोणीतरी काहीतरी करायला हवं होतं, असंही मनात आणण्यात आलं असेल. त्याबद्दल खात्यातर्फे आपले मनःपूर्वक आभार मानण्यात येत आहेत. इकडे उजेड चांगलाच वाढला आहे.