कोट कुणी शिवायचा?

थोरल्याने पँट कापायला घेतली. थोड्या वेळाने पाठीमागे धाकट्यानेही पँटच कापली. दोन्ही एकाच गिऱ्हाइकाच्या, आणि त्याला हवे होते एक पँट, एक कोट. दुकानात हे फक्त कॅमेरा लावून बसलेल्या मुलीला दिसलं, आणि तिला तर बोलायचं नव्हतं.

ती माहितीपट करायची. जे घडतंय ते टिपायचं, मध्ये पडायचं नाही, हा तिचा नियम. हे दोघे शिंपी भाऊ कधीतरी एका कॉलरवरून भांडले, तेव्हापासून अबोला. ते आपण होऊन बोलतील तो क्षण तिला हवा होता. त्याच्याविना सिनेमाला शेवटच नव्हता.

कामाची वाटणी कोट अडकवायच्या पुतळ्यामार्फत चाले. "सांग त्याला, बाह्या आखूड कर," थोरला पुतळ्याला म्हणे. "डोळे आहेत म्हणावं मला," धाकटाही पुतळ्यालाच सुनावे. आज पुतळा पाय मोडून सुताराकडे गेला होता. तेव्हा कोट दुसरा शिवेल, असं दोघांनी आपापल्या मनात धरलं.

गिऱ्हाईक व्हायोलिनवादक, संध्याकाळी कार्यक्रम. सांगावं तर सिनेमा बुडतो, न सांगावं तर तो बिचारा. खोकणं म्हणजे काही मध्ये पडणं नव्हे, अशी समजूत घालून ती खोकली. थोरल्याने पाणी दिलं. पुन्हा खोकली. धाकट्याने खिडकी लावली.

दुपारी व्हायोलिनवाला आला. "ही पँट. ही पण पँट. आणि कोट?"

थोरल्याने सवयीने पुतळ्याच्या जागेकडे पाहिलं. तिथे कुणीच नव्हतं. नाइलाजाने तो मागे वळला. "काय रे, कोट तुझ्याकडे होता ना?"

"माझ्याकडे? दादा, कोट कायम तू करतोस."

तिला आनंदाने नाचावंसं वाटलं. कॅमेरा चालू होता.

"थांब," धाकटा म्हणाला. "ही सकाळपासून इथेच बसलीय."

"पोरी, तुला दिसलं होतं?" थोरल्याने विचारलं.

"हो."

"मग बोलली का नाहीस?"

"मला मध्ये पडायचं नव्हतं."

"दादा, ही आपल्यापेक्षा हट्टी निघाली."

"ऊठ. सुई धरता येते?"

"नाही."

"मग ये इकडे. घाई नको. दोरा आधी ओला कर. हं, अस्सं."

कॅमेरा तिपाईवर एकटाच चालत राहिला. व्हायोलिनवाला पुतळ्याच्या जागी हात पसरून उभा राहिला. थोरल्याने कोट कापला, धाकट्याने मशीन पळवलं, तिने बटणं लावली. एक बटण तिच्या स्वतःच्या बाहीला शिवलं गेलं. थोरल्याने न रागावता ते उसवून दिलं आणि पुन्हा पहिल्यापासून दाखवलं.

"बाह्या कच्च्या टाक्यांवर आहेत," निघताना धाकट्याने व्हायोलिनवाल्याला बजावलं. "आज संथच वाजवा."

दुसऱ्या दिवशी तिला फक्त मशीनचा आवाज टिपून घ्यायचा होता.

"दोघं जरा गप्प बसाल का?" तिने विचारलं.

"बसतो की. पण आधी याला कळू दे, त्या कॉलरमध्ये चूक कुणाची होती."

"तुझीच, दादा."

संध्याकाळपर्यंत तीच कॉलर चालली. शेवटी मशीनचा आवाज तिने पलीकडच्या गल्लीतल्या शिंप्याकडून आणला. त्याला भाऊ नव्हता.