भिंतीवरची थोरली सून

"आज संध्याकाळी आठ वाजता ज्यांना काही काम असेल, त्यांनी ते आधीच उरकून घ्यावं!"

ही घोषणा दशरथ जगधने यांनी वारज्यातल्या आपल्या सोसायटीत लिफ्टपाशी केली, जिन्यात केली, पार्किंगमध्ये केली, जिथे म्हणून माणूस सापडला तिथे केली. कारणही तसंच होतं. त्यांची लेक मैत्री टीव्हीवर येणार होती. चांगली मालिकेत! आणि तीही पाणी आणून देणारी मोलकरीण म्हणून नव्हे, तर घरातली थोरली सून म्हणून!

"गोष्टच मुळी तिच्यावर आहे," दशरथराव सांगत. "घरातले सगळे तिच्याशीच बोलतात. ती नसेल, तर मालिकाच नाही!"

सोसायटीचे सेक्रेटरी गोपाळकृष्ण आगाशे हे जन्माने सदाशिव पेठेतले आणि वारज्यात येऊनही न सुधारलेले गृहस्थ. त्यांनी हे सगळं शांतपणे ऐकून घेतलं.

"असं होय," ते म्हणाले. "मग हॉल देतो. वापरून झाल्यावर झाडून द्यायचा."

सहा महिन्यांपूर्वी याच दशरथरावांसमोर 'अभिनय' हा शब्द काढायची सोय नव्हती. सगळी हयात बांधकाम खात्यात गेलेली. ज्या कामाला बदली नाही, बढती नाही आणि निरोप समारंभ नाही, ते काम आहे असं ते मानतच नसत. आता मुलगीच तशी निपजली याला ते तरी काय करणार? शाळेच्या गॅदरिंगमध्ये मैत्रीला झाड केलं होतं. झाडाने काय करायचं असतं? उभं राहायचं असतं. या झाडाने राजाला चार शब्द सुनावले आणि सगळ्यात जास्त टाळ्या घेतल्या! चौदा एप्रिलच्या भाषण स्पर्धेत तिच्या पाळीला माईक बंद पडला, तो बंद पडलाय हे मागच्या रांगेला कळलंसुद्धा नाही. कॉलेजात एकांकिकेचं बक्षीस मिळालं, तेही आवाजाबद्दल. असा खणखणीत आवाज!

तो आवाज तिने कुणाकडून घेतला हे सांगायला नको. घरात एकतर दशरथराव बोलत, नाहीतर मैत्री बोले. मैत्रीची आई कांताबाई म्हणायच्या, "हिला बोलता यायला लागल्यापासून माझं एक वाक्य पुरं झालेलं नाही." म्हणजे तसं त्या म्हणायला जायच्या. 'माझं एक' पर्यंत पोचेतो दोघांपैकी कुणीतरी बोलायला लागलेलं असायचं.

शेवटी बापलेकीत करार झाला. दशरथरावांनी तो खात्यातल्या भाषेतच सुनावला. "धम्मचक्र प्रवर्तन दिनापर्यंत मुदत. तोवर टीव्हीवर एक वाक्य बोलून दाखवायचं. संपूर्ण वाक्य, क्रियापदासकट! जमलं नाही, तर सदाशिव पेठेतला स्पर्धा परीक्षेचा क्लास. सबबी ऐकल्या जाणार नाहीत." नातेवाइकांना तर त्यांनी ती क्लासला जाते असंच सांगून टाकलं होतं. वाघोलीच्या थोरल्या बहिणीने, चंद्रभागाबाईंनी, भाची तहसीलदार होणार म्हणून अख्ख्या गल्लीत सांगूनही ठेवलं होतं.

मैत्रीने ऑडिशनांचे उंबरठे झिजवले. कुणाला ती उंच वाटली, कुणाला सावळी वाटली, एकाला तर ती 'जरा जास्तच ऐकू येते' असं वाटलं! आणि एके दिवशी फोन आला, "थोरल्या सुनेसाठी तुमचा चेहरा हवाय."

तिथे तिला साडी नेसवली, नथ घातली, खुर्चीत बसवलं. "हसा. थोडं सोज्वळ. झालं!"

"आणि माझे संवाद?" मैत्रीने विचारलं.

"तुम्हाला कशाला? तुमच्याशी बाकीचे बोलतील ना!"

तेव्हा तिच्या डोक्यात प्रकाश पडला. घरी आल्यावर ती म्हणाली, "बाबा, थोरल्या सुनेचं काम आहे. गोष्ट माझ्यावरच आहे, सगळे माझ्याशीच बोलतात, पण..." पण तो 'पण' ऐकायला दशरथराव घरात होते कुठे? ते लिफ्टपाशी पोचले होते.

तर आठ वाजता हॉल खच्चून भरला. पडद्यावर मालिका सुरू झाली. मोठं घर, झुंबर, गोल जिना. सासू पदराने डोळे पुसत भिंतीकडे गेली. "थोरले सूनबाई," ती हुंदका देऊन म्हणाली, "तू होतीस तेव्हा या घराला घरपण होतं गं!"

कॅमेरा वर सरकला. भिंतीवर मैत्री होती. चौकटीत. गळ्यात चंदनाचा हार, पुढे उदबत्ती.

पुढचा अर्धा तास घरातला जो तो येऊन त्या फोटोशी बोलत होता. नवरा बोलला, दीर बोलला, कुत्रासुद्धा दोनदा भुंकून गेला. फोटो सोज्वळ हसत राहिला.

दिवे लागल्यावर आगाशे उठले. "अभिनयात संयम आहे," ते म्हणाले. "पापणीसुद्धा हलली नाही."

दशरथराव घरी आले ते पाय ओढतच. पण हार मानतील तर ते दशरथराव कसले! फोटो तर फोटो, टीव्हीवर आली हे खरं की नाही? आता नातेवाइकांना ही बातमी द्यायलाच हवी होती, आणि ती रीतसर द्यायला हवी होती. टीव्हीच्या पडद्याचा त्यांनी मोबाईलवर फोटो काढला होता. तो त्यांनी घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकला आणि मग खाली मजकूर लिहायला घेतला. इथे घात झाला. खात्यात असताना त्यांनी मसुदा कधी एका बैठकीत पुरा केलेला नव्हता. लिहायचं, खोडायचं, पुन्हा लिहायचं!

ते खोडत होते तोवर हार घातलेली मैत्री एकटीच सगळ्यांच्या घरी पोचली होती. हार घातलेला फोटो दिसला की आपल्याकडे बोट आधी चालतं, डोकं मागून येतं. पहिल्याने हात जोडले, ते पाहून दुसऱ्याने जोडले, तिसऱ्याने 'भावपूर्ण आदरांजली' लिहिलं, एकाने 'फार लवकर गेली' असंही लिहिलं. आणि या सगळ्यांच्या खाली दशरथरावांचा मजकूर येऊन पडला:

'कळविण्यास अत्यंत आनंद होतो की, आमच्या कन्येने अखेर ध्येय गाठले आहे. आपल्या सर्वांचे आशीर्वाद फळाला आले.'

दुसऱ्या दिवशी सकाळी सोसायटीच्या दारात जीप थांबली. तिच्यातून पांढऱ्या साड्या नेसलेल्या बायका उतरल्या, गंभीर चेहऱ्याचे पुरुष उतरले आणि सगळ्यांच्या पुढे चंद्रभागाबाई. रस्त्यातच त्यांनी सगळ्यांना बजावलं होतं, "पोरगी तर गेलीच, पर माझ्या भावाच्या डोक्यावर परिणाम झालाय. त्याला आनंद झालाय म्हणतोय! त्याला धरून ऱ्हावा."

दार मैत्रीने उघडलं. तोंडात ब्रश होता.

चंद्रभागाबाईंनी तिला खालपासून वरपर्यंत पाहिलं, गालाला हात लावून पाहिला आणि मग पाठीत असा धपाटा घातला की ब्रश उडून शू रॅकवर पडला.

"जित्ती हाय भवानी! आन् मी वाघोलीपासनं रडत आलीय!"

"आत्या, अगं ती मालिका आहे! मी ॲक्टिंग करते!"

"मरायची ॲक्टिंग? आन् तहसीलदार?"

या प्रश्नावर दशरथराव बाथरूममध्ये गेले आणि बराच वेळ बाहेर आले नाहीत.

प्रकरण घरात मिटलं असतं. पण चौकातल्या ऑफिसात भावी नगरसेवक आप्पासाहेब बसले होते. ते गेली कित्येक वर्षं भावीच होते आणि यंदा निवडणूक तोंडावर होती. त्यांनी जीप पाहिली, पांढऱ्या साड्या पाहिल्या, कुणाच्या तरी मोबाईलवर फोटो पाहिला. विचारायला जावं, तर दुसरा कुणी भावी आधी फ्लेक्स लावायचा! दुपारपर्यंत चौकात भला मोठा फ्लेक्स झळकला. 'कलेच्या क्षेत्रातील तारा निखळला. कु. मैत्री जगधने यांना भावपूर्ण श्रद्धांजली!' खाली शोकाकुल म्हणून आप्पासाहेब, मैत्रीपेक्षा मोठे, फोन कानाला लावून हसणारे.

मैत्री तो पाहायला चौकात गेली. परतताना रिक्षाला हात केला. रिक्षावाल्याने तिच्याकडे पाहिलं, फ्लेक्सकडे पाहिलं, पुन्हा तिच्याकडे पाहिलं. पुण्यात रिक्षावाले एरवीही नाहीच म्हणतात. हा हात जोडून नाही म्हणाला.

फ्लेक्सचा फोटो एका बातम्यांच्या पोर्टलने उचलला. 'लोकप्रिय अभिनेत्री काळाच्या पडद्याआड!' लोकप्रिय? कालपर्यंत तिला सोसायटीचा वॉचमनही ओळखत नव्हता. पण ही कोण गेली ते बघायला लोक मालिका लावू लागले. भिंतीवरचा तो हसरा चेहरा पाहून घरोघर बायका रडू लागल्या. नायिका पडद्यावर आली की लोक विचारत, 'फोटो कधी दाखवणार?' आठवड्याच्या आत मालिकावाल्यांचा फोन आला.

"मॅडम, आपण गेलात असं ऐकलं. वाईट वाटलं."

"मी जिवंत आहे!" मैत्री ओरडली. शेजारच्या इमारतीतल्यांनी खिडकी उघडून पाहिलं.

"अरे वा! मग गुरुवारी येऊ शकाल का? थोरली सून परत आणतोय."

धम्मचक्र प्रवर्तन दिनाच्या आदल्या संध्याकाळी हॉल पुन्हा भरला. या खेपेला चंद्रभागाबाई पहिल्या रांगेत होत्या, ठेवणीतली जांभळी साडी नेसून. शेजारी आप्पासाहेब. हॉलच्या दारावर त्यांचा नवा फ्लेक्स होता. नवा म्हणजे काय, 'श्रद्धांजली'च्या जागी 'अभिनंदन' आणि 'शोकाकुल'च्या जागी 'शुभेच्छुक'. फोटो तोच, हारासकट.

मैत्री आईबाबांच्या मधे बसली होती. तिला तोंड उघडायची संधीच मिळाली नव्हती, कारण दशरथराव सकाळपासून भाषणाची तयारी करत होते. आज वाक्य येणार होतं! क्रियापदासकट! त्यांनी क्लासवाल्याला 'ती येत नाही' म्हणून कळवायचा मसुदाही मनात तयार ठेवला होता.

पडद्यावर दार उघडलं. सासूच्या हातातलं ताट पडलं. दारात मैत्री! कॅमेरा तिच्यावर तीनदा धावून गेला. नवरा पुढे झाला. "बोल! कुठे होतीस इतकी वर्षं? बोल ना!"

अख्खा हॉल पुढे वाकला. मैत्रीचे ओठ थरथरले. तिने नवऱ्याकडे पाहिलं, मग भिंतीवरच्या स्वतःच्या फोटोकडे पाहिलं. डोळे भरून आले, पण पाणी खाली पडू दिलं नाही. दशरथरावांनी पडद्यावरून नजर काढून शेजारच्या मैत्रीकडे पाहिलं. ही पोर घरभर आरडाओरडा करते, हिला एवढं गप्प राहता येतं हे त्यांना ठाऊकच नव्हतं.

मग मालिकेतले डॉक्टर आले. "जबर धक्क्याने यांची वाचा गेली आहे," ते म्हणाले. "परत कधी येईल, सांगता येत नाही." आणि भाग संपला.

दिवे लागले. आगाशे उठले.

"प्रगती आहे," ते म्हणाले. "पापणी हलली."

हॉल हसला. मैत्री मात्र खाली मान घालून बसली होती. "बाबा, मी सांगणार होते," ती हळूच म्हणाली. "वाक्य नाही मिळालं. मुदत संपली. उद्या सण झाला की क्लासला जाते."

दशरथराव उठून उभे राहिले. आगाश्यांना द्यायचं उत्तर त्यांच्या जिभेवर होतं. चंद्रभागाबाईंना 'बघ माझी लेक' म्हणायचं होतं. मैत्रीला तर किती काय सांगायचं होतं! त्यांनी घसा खाकरला. "कळविण्यास अत्यंत..." एवढंच आलं आणि पुढचा मसुदाच सापडेना. त्यांनी पुन्हा तोंड उघडलं, मिटलं. मग नुसती मान हलवली. नाही. क्लास नाही. आणि लेकीच्या डोक्यावर हात ठेवला. मैत्रीलाही रडू फुटलं आणि तिच्याही तोंडून शब्द निघेना.

कांताबाईंनी नवऱ्याकडे पाहिलं, मुलीकडे पाहिलं आणि थोडं थांबून खात्री करून घेतली. मग मोकळा श्वास घेऊन त्या म्हणाल्या,

"देव पावला म्हणायची सवय नाही आपल्यात, नाहीतर तेच म्हटलं असतं! दोघांचीही वाचा एकदम गेली. चंद्रभागावन्सं, इकडे सरकून बसा, मला लग्नापासूनचं सगळं सांगायचंय."